मास्तर, तुझा कागद कुठंय?

दोस्तांनो, आपल्या वस्तीत कुणाचं घर पेटवलं तर आपण रात्रीतून ट्रक पकडतो. पुतळ्याला हात लागला तर रस्त्यावर बसतो. बरोबरच आहे. पण आपल्याच वस्तीतला पहिला बी.एड. झालेला पोरगा, ज्याच्या पगारावर बहिणीचं लग्न, धाकट्याचं कॉलेज आणि म्हाताऱ्याचं दम्याचं औषध चालतं, त्याला एखादा संस्थाचालक अर्ध्या पानाच्या कागदावर घरी बसवतो, नाहीतर दीडशे किलोमीटरवर फेकून देतो, तेव्हा आपल्याकडून साधं पत्रकसुद्धा निघत नाही. का? तर म्हणे, ही त्याच्या नोकरीची भानगड. खाजगी मामला.

मी म्हणतो, हा खाजगी मामला नाय. फळ्यासमोर आपल्या आडनावाचा माणूस उभा राहायला किती पिढ्या गेल्या त्याचा हिशोब करा. त्याला तिथून उठवलं की वर्गातल्या शेवटच्या बाकावरची पोरं काय शिकतात? ती शिकतात की आपला माणूस तिथं टिकत नाही. असला धडा पुस्तकात छापावा लागत नाही. चेअरमन तो एका सहीत शिकवतो.

मी गोदीत काम करतो. ठेकेदाराच्या हजेरीवर. मॅट्रिकपुढं शाळेशी माझा संबंध नाही. मग मास्तर लोकांच्या नोकरीच्या कायद्यात मी कशाला नाक खुपसतो? कारण कागद नसला की माणसाचं काय होतं ते गोदीत रोज बघतो. माझ्या आज्याच्या काळी १९४८चा गोदी कामगार कायदा होता, त्यावर उभं राहिलेलं डॉक लेबर बोर्ड होतं, टोळीला नंबर होता, नंबरच्या माणसाला काढायचं तर कारण द्यावं लागायचं. १९९४ साली ते बोर्ड पोर्ट ट्रस्टमध्ये विलीन झालं. आज माझ्यासारख्याचा नंबर ठेकेदाराच्या मोबाइलात. त्यानं नाव पुसलं की मी नाही. हे मला कळतं, म्हणून मास्तरचं दुखणंही कळतं. फरक एवढाच की मास्तरकडं कायदा आहे आणि त्याला तो ठाऊक नाही.

आधी एक गैरसमज काढून टाकू. आपल्या युनियनवाल्या मित्रांना वाटतं, मास्तरला काढलं तर लेबर कोर्टात जायचं. गोव्यातल्या एका शाळेची शिक्षिका तसंच भांडत सुप्रीम कोर्टापर्यंत गेली. १९८८ साली कोर्टानं सांगितलं, शाळा हा उद्योग असेल, पण शिकवणारा माणूस औद्योगिक विवाद कायद्याच्या व्याख्येतला 'कामगार' नव्हे. तो १९४७चा कायदाही आता गेला, २०२५च्या नोव्हेंबरपासून औद्योगिक संबंध संहिता आलीय. पण सांगायचा मुद्दा असा, की मास्तरनं लेबर कोर्टाच्या पायऱ्या झिजवण्यात वेळ घालवू नये. महाराष्ट्रात त्याच्यासाठी वेगळं दार आहे.

त्या दाराचं नाव शाळा न्यायाधिकरण. वकील लोक स्कूल ट्रायब्युनल म्हणतात. महाराष्ट्र खाजगी शाळांतील कर्मचारी (सेवेच्या शर्ती) विनियमन अधिनियम, १९७७. नाव मालगाडीएवढं लांब, पण कायदा कामाचा. त्याची नियमावली १९८१ची आणि अंमल जुलै १९८१पासून. त्याआधी माध्यमिक शाळा संहिता होती, पण ती खात्याचं हुकूमपुस्तक. संस्थेनं मोडली तर अनुदानाची भानगड व्हायची, मास्तरच्या हाती काही लागायचं नाही. १९७७च्या कायद्यानं पहिल्यांदा मास्तरला भांडायचा स्वतःचा हक्क दिला.

हा कायदा अनुदानित शाळेला लागू आहे आणि विनाअनुदानितलाही. 'आमची शाळा सरकारचा पैसा घेत नाही, आम्हाला कायदा लागू नाही' असं सेक्रेटरी म्हणाला तर तो खोटं बोलतो. हा कायदा हेडमास्तरपासून कारकून, प्रयोगशाळेतला माणूस, शिपाई सगळ्यांना लागू आहे. (अल्पसंख्याक संस्थेला हेडमास्तर नेमण्यात सूट आहे, तेवढी ध्यानात ठेवा.) जिल्हा परिषदेच्या आणि सरकारी शाळांचे नियम वेगळे, तो विषय आज नाही. मी बोलतोय ते खाजगी संस्थांच्या शाळांबद्दल, जिथं चेअरमनचा पोरगा सेक्रेटरी असतो आणि सून हेडमास्तरीण.

आता कायदा काय म्हणतो ते ऐका. कलम ४ म्हणतं, हा कायदा आणि त्याचे नियम पाळल्याशिवाय कुणालाही निलंबित करता येणार नाही, काढता येणार नाही, खालच्या पदावर ढकलता येणार नाही. कायम माणसाला गैरवर्तनाचा ठपका ठेवून काढायचं तर आरोपपत्र द्यावं लागतं, खुलासा घ्यावा लागतो, चौकशी समिती बसवावी लागते. समितीत तिघं. एक संस्थेचा, एक पुरस्कारप्राप्त शिक्षकांच्या यादीतला, आणि एक तुझा, तू स्वतः निवडलेला, कुठल्याही खाजगी शाळेतला कर्मचारी. तिघांत एक खुर्ची तुझी आहे रे मास्तर! आणि किती जणांची चौकशी ती खुर्ची रिकामी ठेवून उरकली जाते! निलंबनालाही चार महिन्यांची शीव आहे, आणि त्या काळात निर्वाह भत्ता हा हक्क आहे, भीक नव्हे. कोलारच्या सोन्याच्या खाणीतल्या एका सुरक्षा अधिकाऱ्याला तो भत्ता दिला नाही, पैशावाचून त्याला चौकशीला पोचता आलं नाही, पाठीमागं चौकशी उरकून त्याला काढला. १९९९ साली सुप्रीम कोर्टानं ती चौकशीच मोडीत काढली. पोट उपाशी ठेवून न्याय करता येत नाही, एवढं तरी कोर्टाला कळतं.

काढलंच तर कलम ९. आदेश हाती पडल्यापासून तीस दिवसांत ट्रायब्युनलात अपील. काढून टाकणं, बडतर्फी, दुसऱ्या कुठल्याही रीतीनं सेवा संपवणं, पदावनती, किंवा बढतीत डावलून मागच्याला पुढं नेणं, या सगळ्यावर अपील चालतं. तीस दिवस! बारा महिने नव्हे, पोरांची परीक्षा होईपर्यंत नव्हे, आमदार साहेब मुंबईहून येईपर्यंत नव्हे. उशीर झाला तर सबळ कारण दाखवून माफी मागता येते, पण मग भांडणाची पहिली फेरी उशिरावरच खर्ची पडते.

ट्रायब्युनलला अधिकार काय? कलम ११ वाचा. परत कामावर घ्यायचा हुकूम, मागचा पगार, गेलेलं पद, शिक्षा जास्त असेल तर कमी करणं. संस्था पैसे देत नसेल तर ते तिच्या अनुदानातून कापून थेट कर्मचाऱ्याला द्यावेत अशी शिफारस सरकारला करता येते. हुकूम मोडणाऱ्या संस्थाचालकाला शिक्षेची तरतूद कलम १३मध्ये आहे. आणि कायद्यातच लिहिलंय की अपील शक्यतो तीन महिन्यांत निकाली काढावं, नाही काढलं तर कारण नोंदवावं.

तीन महिने! आता खरी गोष्ट ऐका. औरंगाबाद, म्हणजे आजचं छत्रपती संभाजीनगर. तिथल्या एका प्राथमिक शाळेची शिक्षिका. शाळेच्या इमारतीवर महापालिकेनं व्यावसायिक दरानं कराचं बिल काढलं. संस्थेनं काय करावं? प्रत्येक कर्मचाऱ्यानं दरमहा १,५०० रुपये द्यावेत असं फर्मान काढलं. कर कुणाचा, भरपाई कुणाची! बाई नाही म्हणाली. मग तिला मेमो सुरू झाले. एक नाही, दोन नाही, पंचवीस. नोव्हेंबर २००६मध्ये निलंबन. शिक्षणाधिकाऱ्यानं निलंबनाला मंजुरी नाकारली, तरी जून २००७मध्ये तिला काढलं. ट्रायब्युनलानं जून २००९मध्ये तिला पूर्ण मागच्या पगारासह परत घ्यायला सांगितलं. हायकोर्टानं काढणं बेकायदा धरलं, पण मागचा पगार कापला. बाई पुन्हा उठली, दिल्लीला गेली. १२ ऑगस्ट २०१३ रोजी सुप्रीम कोर्टानं तो पगार परत मिळवून दिला आणि देशभरच्या कामगारांसाठी तत्त्व घालून दिलं: बेकायदा काढलेल्या माणसाला परत घेताना मागचा पूर्ण पगार हा सर्वसाधारण नियम. त्या काळात आपल्याला दुसरी कमाई नव्हती एवढं त्यानं शपथेवर सांगावं, मग कमाई होती हे सिद्ध करायची जबाबदारी मालकावर. २०१३च्या एस.सी.सी.च्या दहाव्या खंडात, पान ३२४. वकिलाला एवढं सांगा, त्याला कळेल.

हा निकाल माझ्यासारख्या गोदीवाल्यालाही उपयोगाचा आहे, आणि तो मिळवला एका मास्तरणीनं. पण तारखा मोजा. निलंबनापासून सुप्रीम कोर्टापर्यंत पावणेसात वर्षं. सहा वर्षं दोन महिने तर नुसत्या काढल्यापासूनचे. तीन महिन्यांचा कायदा आणि पावणेसात वर्षांची वाट, या दोहोंच्या मधे किती मास्तर दुकानात वजनं मारायला लागले असतील, कोण मोजणार?

आता चेअरमन लोक काही अडाणी नाहीत. त्यांनी हा कायदा आपल्या आधी वाचला. आदेश देऊन काढलं की अपील होतं, हे त्यांना पक्कं कळलं. म्हणून आदेश न देता काढायच्या वाटा त्यांनी शोधल्या. त्या वाटा ओळखून घ्या.

पहिली वाट, नेमणूकपत्रातली. जागा कायम, पण पत्र जूनपासून एप्रिलपर्यंतचं. मे महिन्याची सुट्टी आली की मास्तर संपला, जूनमध्ये पुन्हा नवा जन्म. ट्रायब्युनल पहिल्यांदा विचारतं ते हेच: शाळा मान्यताप्राप्त आहे का, नेमणूक कलम ५प्रमाणे आहे का, माणूस कायम की तात्पुरता? तात्पुरत्या पत्राला कोर्टं बहुतेक तात्पुरतंच धरतात. म्हणून सही करण्याआधी पत्र वाच. रिकाम्या कायम जागेवर दोन वर्षांच्या परिविक्षेवर नेमणूक, किंवा शिक्षण सेवक असशील तर तीन वर्षं, हे शब्द आहेत का बघ. आणि शिक्षणाधिकाऱ्याची मान्यता आली नाही म्हणून तुझी नेमणूकच नाही, असं कुणी सांगितलं तर घाबरू नको. मान्यता ही अनुदानाच्या पैशासाठी, नेमणूक खरी की खोटी ते तिच्यावर ठरत नाही, असं मुंबई हायकोर्टाच्या पूर्ण पीठानं सेंट उलाई हायस्कूलच्या खटल्यात सांगून टाकलंय. तो निकाल २००७च्या रिपोर्टात छापलाय.

दुसरी वाट, कोऱ्या राजीनाम्याची. नेमणुकीच्या दिवशीच तारीख न टाकलेल्या राजीनाम्यावर सही. चेअरमनच्या कपाटात अशा सह्यांचे गठ्ठे असतात. कायद्याला हे माहीत होतं! म्हणूनच कलम ७ म्हणतं, राजीनामा दोन प्रतींत लिहायचा, दोन्हींवर सही आणि तारीख घालायची, एक प्रत रजिस्टर पोस्टानं संस्थेला पाठवायची, दुसरी स्वतःकडं ठेवायची. (टपालखात्यानं २०२५मध्ये रजिस्टर पोस्ट स्पीड पोस्टात विलीन केलं, तरी पुरावा पावतीचाच.) कपाटातला राजीनामा या रीतीनं आलेला नसतो. तो बाहेर निघाला की त्याच दिवशी लेखी कळव, मी राजीनामा दिलेला नाही. आणि अपील घाल.

तिसरी वाट, तोंडी. 'उद्यापासून येऊ नका सर.' हजेरीपटावर सही करू देत नाहीत. शिपाई गेटवर उभा. तोंडी काढलं तरी 'अन्य रीतीनं सेवा संपवली' म्हणून ट्रायब्युनलात अपिलं जातात. फक्त ते सिद्ध करायचं ओझं तुझ्या डोक्यावर. म्हणून त्याच संध्याकाळी पत्र लिही: आज अमुक तारखेला मला हजेरीपटावर सही करू दिली नाही, मी कामाला तयार आहे. एक प्रत संस्थेला, एक शिक्षणाधिकाऱ्याला. पोस्टाची पावती जप.

आणि चौथी वाट, सगळ्यात सभ्य, सगळ्यात विषारी. बदली.

माझा एक दोस्त मराठवाड्यातल्या तालुक्याच्या गावी गणित शिकवायचा. संस्था कुठली ते सांगत नाही. त्यानं एवढंच केलं, की बिंदुनामावली बघायला मागितली. आरक्षित जागा किती, भरल्या किती, रिकाम्या किती, एवढं विचारलं. पंधरा दिवसांत 'प्रशासकीय सोयीसाठी' बदली, त्याच संस्थेच्या दुसऱ्या टोकाच्या शाळेत. तिथं गणिताची जागाच नव्हती. बायको तालुक्याच्या दवाखान्यात कामाला, पोरगी पहिलीत. दोस्त म्हणाला, मी जाणार नाही, अर्ज केलाय, उत्तर येऊ द्या. उत्तर कुठलं येतंय! दोन महिन्यांनी मेमो आला: अनधिकृत गैरहजेरी. मग चौकशी, मग काढला. संस्थेच्या कागदावर बिंदुनामावलीचा शब्द नाही. कागदावर एक पळपुटा मास्तर आहे, जो दोन महिने कामावर आला नाही. आज तो माझ्याबरोबर गोदीत पोलादाच्या कॉइलला साखळी घालतो. त्याचं अपील उशिराच्या माफीचा अर्ज जोडून दाखल झालंय. तारखा चालू आहेत.

यातली मेख बघा. कलम ९च्या यादीत बदली हा शब्द नाही. काढलं तर ट्रायब्युनल, पदावनती केली तर ट्रायब्युनल, पण त्याच पगारावर, त्याच पदावर उचलून जंगलात टाकलं तर ट्रायब्युनलाचं दार बंद. एकाच संस्थेच्या एका शाळेतून दुसरीत बदली करायची मुभा नियमांतच आहे. आणि सुप्रीम कोर्ट १९८९ पासून सांगतंय, की बदलीविरुद्ध नुसता अर्ज केला म्हणून घरी बसता येत नाही. स्थगिती नसेल तर आधी हजर व्हा, नाहीतर शिस्तभंग. गुजरात वीज मंडळाच्या खटल्यातली ही गोष्ट. चेअरमनचा वकील हा निकाल तोंडपाठ म्हणतो.

मग बदलीवर इलाज काय? आहे, पण अवघड आहे. पहिलं, हजर हो. 'निषेध नोंदवून हजर होत आहे, हक्क राखून ठेवतो' असं लेखी देऊन हजर हो. दुसरं, शिक्षणाधिकाऱ्याकडं तक्रार घाल आणि बदलीमागचं खरं कारण तारखांसह मांड: अमुक तारखेला मी हे विचारलं, अमुक तारखेला हा आदेश आला. तिसरं, नव्या जागी तुझं पद खालचं झालं, तू हेडमास्तर होतास आणि साधा शिक्षक झालास, तर ती बदली म्हणजे पदावनतीच असं म्हणून ट्रायब्युनलात भांड. चौथं, हायकोर्टात रिट, घटनेचं कलम २२६. मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर, आणि ऑगस्ट २०२५पासून कोल्हापूरचं सर्किट बेंच. बदली ही नोकरीतली नेहमीची गोष्ट, आम्ही हात घालत नाही, असं कोर्टं म्हणतात. पण आकसानं किंवा नियम मोडून केलेली बदली टिकत नाही, हेही तीच कोर्टं म्हणतात. भोपाळच्या एका केंद्रीय अधिकाऱ्याला निनावी तक्रारीवरून थेट शिलाँगला पाठवलं होतं. सुप्रीम कोर्टानं म्हटलं, शिक्षेच्या बदली म्हणून केलेली बदली बेकायदा. २००९च्या रिपोर्टात हा निकाल आहे. विनाअनुदानित शाळेच्या मास्तरला हायकोर्टाचं दार आणखी जड. २०२२मध्ये सुप्रीम कोर्ट म्हणालं, निव्वळ नोकरीच्या कराराचं भांडण असेल तर खाजगी संस्थेवर रिट चालत नाही. तिथं आपला मुद्दा असा ठेवायचा, की महाराष्ट्रात सेवाशर्ती करारावर नाहीत, १९७७च्या कायद्यावर आणि त्याच्या नियमांवर आहेत, आणि मोडलेत ते नियम.

आता काही मित्र विचारतील, बदली सगळ्यांचीच होते, त्यात जात कशाला आणतोस? मी आणत नाही, ती बदलीच्या पाकिटातून येते. सवर्ण मास्तरची बदली झाली तर नव्या गावी त्याला खोली मिळते. आपल्या मास्तरला आडनाव विचारतात. मग तो रोज दोन एसट्या बदलतो, पगाराचा तुकडा तिकिटात घालतो, एक दिवस उशिरा पोचतो आणि मेमो खातो. आरक्षित जागेवरचा माणूस कंटाळून राजीनामा देतो, जागा पुन्हा रिकामी होते आणि तिचा भाव पुन्हा ठरतो. शाळेतल्या नोकरीला भाव असतो हे गावातलं शेंबडं पोरही जाणतं. म्हणून बदलीचा आदेश आला की सोबत बिंदुनामावली मागा. माहितीचा अधिकार २००५ सालापासून आहे. अनुदानित शाळेची माहिती शिक्षणाधिकाऱ्याच्या कार्यालयातून मागता येते. संचमान्यता, मान्यतेची पत्रं, वैयक्तिक मान्यता, सेवाज्येष्ठता यादी, सगळं. तीस दिवसांत उत्तर द्यावं लागतं. स्टाफरूममध्ये चारचौघांत जातीवरून अपमान केला तर १९८९चा अत्याचार प्रतिबंधक कायदा वेगळा आहेच. तो नोकरीच्या अपिलाऐवजी वापरायचा नाही, अपिलाच्या जोडीला वापरायचा.

आणि वकिलाचे पैसे? इथं बहुतेक मास्तर मान खाली घालतात. ऐका. विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७, कलम १२. अनुसूचित जाती आणि जमातीच्या माणसाला मोफत वकील मिळतो. उत्पन्नाची अट नाही. स्त्रियांनाही तसंच. जिल्हा कोर्टात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं ऑफिस असतं, तिथं अर्ज द्यायचा. हा कुणाचा उपकार नाही. कायद्यानं दिलेली गोष्ट आहे आणि आपली माणसं ती न घेता मंगळसूत्र गहाण ठेवतात.

आपल्यातले काही जहाल मित्र म्हणतील, कोर्ट त्यांचं, कायदा त्यांचा, ट्रायब्युनल त्यांचं, तू आम्हाला अर्ज लिहायला शिकवतोस? क्रांती अर्जानं होते का? मित्रा, क्रांतीची तारीख तू सांग, मी गोदी बंद करून येतो. तोवर तीस दिवसांची मुदत कुणासाठी थांबत नाही. आणि कायदा त्यांचा कसा? घटनेत दाद मागायचा हक्क घालताना बाबासाहेबांनी ९ डिसेंबर १९४८ रोजी घटना समितीत सांगितलं होतं, की हेच कलम घटनेचा आत्मा आहे, हृदय आहे. बोलत होते ते आजच्या ३२व्या कलमाबद्दल. त्या माणसानं दार बसवलं आणि आपण दारावर थुंकून घरी यायचं? कोर्ट सगळं देत नाही, मीही जाणतो. पावणेसात वर्षं वर लिहिलीच आहेत. म्हणून तर मी म्हणतो, एकट्या मास्तरला पावणेसात वर्षं लढायला सोडू नका. चेअरमन संस्थेच्या पैशानं लढतो. मास्तर स्वतःच्या भाकरीनं लढतो. त्या भाकरीत वाटेकरी व्हा.

मास्तर लोकांनाही एक सांगायचंय, गोड लागणार नाही. तुम्ही इस्त्रीचा शर्ट घालता आणि स्वतःला कामगार समजत नाही. मोर्चा दिसला की गल्लीतून वळता. काढलं तर वस्तीत सांगत नाही, लाज वाटते. सकाळी डबा घेऊन निघता आणि दिवसभर एसटी स्टँडवर पेपर वाचत बसता. कशाची लाज? लाज त्या चेअरमनला वाटू द्या. ज्या दिवशी आदेश येईल त्या दिवशी विहारात येऊन वाचून दाखवा. दहा माणसांनी ऐकलं की दहा साक्षीदार झाले.

आता मागण्या. कलम ९च्या यादीत बदली हा शब्द घाला, निदान शिक्षा म्हणून केलेली बदली. बदलीच्या आदेशात कारण लिहिणं आणि नव्या शाळेत त्या विषयाची जागा असल्याचं दाखवणं सक्तीचं करा. ट्रायब्युनलं मुंबई, पुणे, नागपूर, अमरावती, लातूर असल्या मोजक्या ठिकाणी आहेत. ती जिल्ह्याजिल्ह्यांत बसवा. तीन महिन्यांची मुदत पाळली का, याचा आकडा दरवर्षी विधानसभेत ठेवा. पदं रिकामी राहून तारखा पडत असतील तर सरकारनं कुठल्या तोंडानं कायदा सांगायचा?

सरकार ऐकेल तेव्हा ऐकेल. आपण या महिन्यापासून करायचं ते सांगतो. प्रत्येक शाखेनं एक वही घालायची. वस्तीतल्या प्रत्येक मास्तर, मास्तरीण, कारकून, शिपाई यांचं नेमणूकपत्र, मान्यतेचं पत्र, पगारपत्रक, शालार्थचा नंबर, आलेला प्रत्येक मेमो आणि त्याचा खुलासा, यांच्या झेरॉक्स शाखेत ठेवायच्या. मूळ कागद घरात, कपाटात, शाळेत कधीच नाही. प्रत्येक शाखेत दोन पोरं अशी तयार करायची, ज्यांना तीस दिवस मोजता येतात आणि साधा अर्ज लिहिता येतो. मेमोला खुलासा मुदतीत गेलाच पाहिजे. चौकशी समितीत आपला माणूस कोण, ते आधीच ठरलेलं पाहिजे. ट्रायब्युनलाच्या तारखेला मास्तर एकटा दिसता कामा नये. पाच जण मागच्या बाकावर बसा, नुसते बसा. बोलायची गरज नाही. समोरच्या वकिलाला ते दिसतात.

कविता मी लिहितच राहणार. पण या अंकाच्या मागच्या कोऱ्या पानावर कविता लिहू नका. तिथं तुमच्या वस्तीतल्या मास्तरांची नावं लिहा, कुणाकडं नेमणूकपत्र आहे आणि कुणाकडं नाही ते लिहा. ज्याच्याकडं नाही त्याच्या घरी आज रात्रीच जा.